बातमी खरी होती, प्लायवूड खोटं होतं

सिंकखालच्या कपाटाचं दार लागेना, म्हणून मी आधी बिजागरीला तेल घातलं. चार दिवसांनी दार पुन्हा अडलं. खाली बसून बघितलं, तर कपाटाची तळफळी मधोमध फुलक्यासारखी टम्म फुगली होती. बोटाने दाबली तर दबली. ही गोष्ट जुलै २०२५ची. स्वयंपाकघर नवं करून जेमतेम चार महिने झाले होते आणि तेवढ्यात मी निम्म्या सोसायटीला सांगून झाले होते की आमचं किचन मरीन प्लायचं आहे, आता पूर आला तरी फिकीर नाही.

पुराचं सांगायलाच हवं, कारण सगळं तिथून सुरू झालं. ऑगस्ट २०२४ मध्ये विश्वामित्री नदी बडोद्यात शिरली. आमचं घर अकोट्याच्या बाजूला, तळमजल्यावर. दोन दिवस घरात कमरेएवढं पाणी. जुनं किचन पार्टिकल बोर्डाचं होतं, ते चहात बुडवलेल्या बिस्किटासारखं हातात आलं. भिंती वाळता वाळता दिवाळी उलटून गेली. घरोघरी सुथार लागले होते. ज्या बायकांशी एरवी लोणच्याच्या मसाल्याबद्दल बोलायचं, त्यांच्याशी मी बीडब्ल्यूआर, म्हणजे उकळत्या पाण्याला टिकणारं प्लाय, की मरीन यावर बोलत होते.

मी बँकेत बत्तीस वर्षं काढली, त्यातली बरीच कर्जविभागात. लोकांच्या गोदामातला माल मोजायचा, बिलं ताडून बघायची, पक्कं बिल नसेल तर फाइल परत करायची, हेच काम. हे आधीच सांगून टाकते. घरचे अजून टोमणे मारतात, तुम्हीही मारा.

फेब्रुवारी २०२५ मध्ये एका प्लायवूडवाल्याचा नंबर शेजारच्यांकडून मिळाला. हायवेला छाणीच्या पुढे गोदाम होतं. चाळिशीचा माणूस, शर्ट इस्त्रीचा, बोलणं आर्जवी. मी गुजरातीत सुरुवात केली तर तो म्हणाला, "काकू, मराठीत बोला की! आपलंच घर समजा. माझं लहानपण सगळं दांडिया बाजारात गेलं." बडोद्यात आम्ही मराठी माणसं गुजराती दुकानदाराशी अर्धा तास घासाघीस करतो आणि मराठी बोलणारा भेटला की चहा घेऊन मान डोलावतो. मी चहा घेतला.

मग त्याने जे सांगितलं ते लक्षात घ्या, कारण त्यातलं बरंचसं खरं होतं. तो म्हणाला, "काकू, २८ फेब्रुवारीपासून सरकार प्लायवूडला आयएसआय सक्तीचं करतंय. बाहेरच्या देशातल्या कारखान्यालाही परवाना लागणार. परवाना नाही, तर माल बंदरातच अडणार. लोक घाईघाईने साठा मोकळा करतायत. माझ्याकडे कांडल्याला उतरलेला एक लॉट आहे, बर्मा गर्जनचा, त्या लालसर झाडाच्या ताज्या लाकडाचा, बाहेर जायचा होता तो इथेच राहिला. तारखेनंतर हाच माल तुम्हाला तीस टक्के महाग मिळेल."

आयएसआयची सक्ती ही खरी बातमी होती. मी ती स्वतः पेपरात वाचली होती. प्लायवूड आणि लाकडी फ्लश दरवाज्यांसाठीचा गुणवत्ता आदेश त्या तारखेपासून लागू होणार होता, लहान आणि सूक्ष्म कारखान्यांना त्यापुढे काही महिन्यांची सवलत होती. तो बोलत असताना मला वाटलं, हा माणूस अभ्यास करून बोलतोय. खरं तर मलाच बरं वाटत होतं, की हे सगळं मलाही ठाऊक आहे. त्याची बातमी आणि माझी बातमी जुळली, आणि जुळली म्हणून पुढचंही मी खरं धरलं.

आता मागे बघते तर एक गोष्ट इतकी ढळढळीत दिसते की हसू येतं. आयएसआय नाही म्हणून अडकणारा, स्वस्तात काढायचा माल, आणि प्रत्येक शीटच्या पाठीवर आयएसआयचा शिक्का! वर आयएस ७१०, म्हणजे मरीन प्लायचं मानक, खाली सीएम/एल करून परवान्याचा आकडा. शिक्का होता तर माल अडायचं कारण काय? नव्हता तर हा छापला कोणी? शिवाय लॉट कांडल्याला उतरलेला, म्हणजे आत आलेला, आणि जायचा होता म्हणे बाहेर. कर्जाच्या फाइलीत असं काही दिसलं असतं, तर मी त्या माणसाला परत बोलावून उभं केलं असतं.

भावाचं सांगते. मरीन प्लायचा १९ मिलिमीटरचा भाव मी तीन दुकानांत विचारला होता, चौरस फुटाला १२५ ते १४०. याने ९२ सांगितला. आठ बाय चारच्या अठरा शीटचे ५२,९९२, आणि पाठीला लावायच्या ६ मिलिमीटरच्या आठ शीट ४६ने, त्यांचे ११,७७६. एकूण ६४,७६८. वरचे ७६८ त्याने स्वतःहून सोडले. "पक्कं बिल पाहिजे तर १८ टक्के जीएसटी लागेल काकू, कशाला उगाच?" हे माझे साडेअकरा हजार वाचले. दहा हजार मोबाइलवरून दिले, बाकी रोख. मोबाइलवर पैसे ज्याच्या नावावर गेले ते नाव त्याचं नव्हतं. "मेहुण्याचं खातं आहे," म्हणाला. कर्जविभागात बत्तीस वर्षं.

आमचा सुथार राजस्थानचा, कामाला चोख, बोलायला कमी. टेम्पोतून शीट उतरवताना त्याने एक उचलून बघितली आणि खाली ठेवली. मग करवत लावली, कापलेली कड उजेडात धरली आणि म्हणाला, "माँजी, ये अंदर से पोपलर है. मरीन इतना हल्का नहीं होता." पोपलर म्हणजे शेतात लावलेलं हलकं लाकूड. बाहेरून कड लालसर, आत पांढरट. मध्ये दोन-तीन ठिकाणी पोकळी, आणि त्यांत लांबी, म्हणजे पुट्टी, भरलेली.

त्याचं मी ऐकलं नाही. का, ते लिहायलाच हवं, नाहीतर हे सगळं सांगण्यात अर्थ नाही. सुथारांना प्लायवूडच्या दुकानातून कमिशन मिळतं, कुपनं मिळतात, हे सगळ्यांना माहीत असतं. याला मी त्याच्या ओळखीच्या दुकानात जाऊ दिलं नव्हतं. मला वाटलं, कमिशन बुडालं म्हणून हा माल वाईट म्हणतोय. मी म्हटलं, "भैया, आप बस काम करो." तो करायला लागला. सनमायका चिकटला, कडेला पट्टी बसली, आतलं पांढरं झाकलं गेलं.

फुगवटा दिसल्यावर मी माळ्यावरचे उरलेले तुकडे काढले. मुलगा कलाभवनात इंजिनीअरिंग शिकत असतानाचा व्हर्नियर कॅलिपर, जाडी मोजायचा, अजून कपाटात होता. तुकडा भरला १६.६ मिलिमीटर. मानकात थोडी सूट असते, ५ टक्क्यांच्या आसपास, म्हणजे १९चं प्लायवूड १८.०५ भरलं तरी चालतं. १६.६ कुठल्याच हिशेबात बसत नव्हतं. मग ओल्या फडक्याने तुकड्याचा वरचा भाग पुसला, तर फडकं गुलाबी झालं. गर्जनचा लालसर रंग लाकडातच असतो, हा वरून लावलेला होता.

शेवटी तुकडा उकळला. ह्यांनी पातेलं देताना विचारलं, "आता प्लायवूडचं वरण करणार का?" मानकाप्रमाणे मरीन प्लायचा नमुना ७२ तास उकळत्या पाण्यात राहिला तरी थर सुटता कामा नयेत. माझा तुकडा पाऊण तासात उघडायला लागला, आणि दोन तासांत जुन्या वहीची पानं सुटावीत तसे थर सुटे झाले. पाण्यावर पांढुरका चिकट तवंग. घरचं पातेलं म्हणजे प्रयोगशाळा नव्हे हे मलाही कळतं, पण ७२ तासांच्या जागी दोन तास म्हटल्यावर प्रयोगशाळा लागत नाही.

ते थर पिशवीत घालून मी खंडेराव मार्केटच्या अंगाला असलेल्या एका जुन्या वखारवाल्याकडे गेले. वय सत्तरीपुढचं. पिशवी बघून हसले नाहीत, याबद्दल मी त्यांची ऋणी आहे. म्हणाले, "बेन, तमने बर्मा गर्जन कह्युं? ताजुं लाकडुं?" आणि मग तासभर त्यांनी मला धंदा समजावला. बर्माने, म्हणजे म्यानमारने, गोल लाकूड बाहेर पाठवणं १ एप्रिल २०१४ पासून बंद केलं. त्याआधी गर्जनचे ओंडके यायचे, इथे पातळ थरांत सोलले जायचे, आणि प्लायवूडच्या वरचा तो लाल थर त्याचाच असायचा. बंदी आल्यावर आपल्याकडच्या कारखानदारांनी तिथे आणि लाओसमध्ये जाऊन सोलाईची युनिटं टाकली. पुढे आफ्रिकेतल्या गॅबॉनचं ओकुमे आलं. त्या देशानेही २०१० मध्येच गोल लाकडाची निर्यात थांबवलेली, म्हणून तिथेही सोलूनच आणायचं. ओकुमे फिकट गुलाबी आणि गर्जनपेक्षा हलकं. "२०२५ मां बर्मानुं ताजुं लाकडुं कोई वेचे, तो एने हाथ जोडीने घेर आवी जवुं," असं म्हणाले, म्हणजे विकणाऱ्याला हात जोडून सरळ घरी यावं. हे मला फेब्रुवारीत माहीत असतं तर त्या चहाबरोबरच उठून आले असते.

आतल्या पांढऱ्या थराचीही गोष्ट त्यांनी सांगितली. पूर्वी प्लायवूड म्हणजे आसाम. चहाच्या पेट्यांसाठी तिथे कारखाने उभे राहिले होते. डिसेंबर १९९६ मध्ये जंगलतोडीबद्दलच्या गोदावर्मन खटल्यात सुप्रीम कोर्टाचा आदेश आला आणि ईशान्येकडचा धंदा बसला. मग कारखाने शेतातल्या लाकडाकडे वळले. हरयाणात यमुनानगरला पोपलर आणि निलगिरी, केरळात पेरुंबावूरला रबराचं लाकूड. पोपलर वाईट नसतं, ते म्हणाले. बैठकीतल्या टीपॉयला, पलंगाच्या पाठीला चालतं, फक्त पोपलर म्हणून, पोपलरच्या भावाने विकावं. माझ्याकडचं साधं कमर्शियल, कोरड्या जागेसाठीचं, डिंकही त्याच प्रतीचा. आणि बाहेर जाणारा माल इथे स्वस्तात कसा आला, हे विचारल्यावर मात्र ते हसले. देशातलं प्लायवूड बहुतेक देशातच बनतं आणि देशातच खपतं. बाहेरून येतं ते नेपाळ, व्हिएतनामकडचं. 'एक्स्पोर्टचा माल' हे बिरूद शर्टापासून सुरू झालं, आता प्लायवूडपर्यंत आलं, एवढंच.

घरी येऊन बीआयएस केअर या, आयएसआयचा परवाना देणाऱ्या भारतीय मानक ब्युरोच्या, अ‍ॅपवर शिक्क्याखालचा तो सीएम/एल आकडा टाकला. दोन मिनिटांचं काम. परवाना निघाला, पण प्लायवूडचा नव्हता, दुसऱ्याच कसल्या तरी वस्तूचा, आणि मुदतही संपलेली. अ‍ॅपवर परवानाधारक कोण, कुठला, कुठल्या मानकाचा, चालू आहे की बंद, सगळं दिसतं. माल उतरवून घेण्याआधी टेम्पोजवळ उभं राहून हे करता येतं. मी ते पाच महिन्यांनी केलं.

गोदामात गेले तर तिथे टाइल चिकटवायच्या पावडरीच्या गोण्या होत्या. नवा भाडेकरू. जुन्याचा फोन बंद. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर तक्रार नोंदवली. मुलीने नीट ऐकून घेतलं आणि विचारलं, "मॅडम, बिल क्रमांक?" बीआयएसच्या अ‍ॅपवरही शिक्क्याच्या गैरवापराची तक्रार टाकली, फोटो जोडले, तुकडे जपून ठेवलेत. मोबाइलवरच्या दहा हजारांची नोंद आहे, मेहुण्याच्या नावाने. रोखीचे ५४ हजार कुठेच नोंदलेले नाहीत. वाचवलेल्या जीएसटीची ही किंमत. जिल्हा ग्राहक आयोगात पाच लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तक्रारीची फी लागत नाही, पण विकणारा कोण, हे मीच सिद्ध करायचं. वकिलाने कागद बघून मान हलवली. ती कुठल्या अर्थाने हलवली, हे मी विचारलं नाही.

सिंकखालचं आणि ओट्याखालचं सगळं काढून नव्याने करावं लागलं. वरच्या माळ्यांचं तसंच ठेवलंय, तिथे पाणी पोहोचत नाही. कपाटाच्या मागच्या ६ मिलिमीटरमधून हल्ली पिवळसर भुकटी पडते, भुंगेरा लागलाय. त्यावर औषध मारून घेते.

नवा माल सुथाराच्याच दुकानातून आणला. १३२चा भाव, वर जीएसटी, पक्कं बिल. शीट उतरवल्या तेव्हा मी प्रत्येकीचा आकडा अ‍ॅपवर टाकत टेम्पोजवळ उभी होते, आणि तो हमालांना थांबवून शांतपणे बिडी ओढत होता. सगळं जुळल्यावर मी विचारलं, "भैया, तुम्हारा कमिशन कितना?"

"शीट के पचास, माँजी," तो म्हणाला. "पहले भी पूछतीं तो बता देता."