नावातला ‘स्टिरिओ’ कानांचा की डोळ्यांचा?

सोसायटीतल्या पोरांना प्रोजेक्टरवर दाखवायला ‘बिग बक बनी’ हा सशाचा ॲनिमेशनपट झकास. साधारण दहा मिनिटांचा, संवाद नाहीत म्हणून भाषेचा प्रश्न नाही, आणि क्रिएटिव्ह कॉमन्सचा परवाना असल्यामुळे चारचौघांत लावायला कुणाला विचारायला नको. पंचाईत एकच: त्याच्या फायली ढीगभर, आणि निवडायचं नाव वाचून.

खरी चुरस दोघींत. ‘बिग_बक_बनी_१०८०पी_एच२६४.एमओव्ही’ ही २००८ ची, सुमारे ७२५ एमबी. ‘बीबीबी_सनफ्लॉवर_१०८०पी_३०एफपीएस_नॉर्मल.एमपी४’ ही २०१३ मध्ये चित्रपट संगणकावर नव्याने रेंडर केला, म्हणजे त्याची चित्रं पुन्हा तयार केली, तेव्हाची, जेमतेम २७६ एमबी. दोन्हींवर १०८०पी आहे, मग मोठी तीच चांगली, असं वाटणारच. पण १०८०पी म्हणजे चित्राच्या उभ्या दिशेला १०८० ओळी, एवढंच. चित्र किती दाबून बसवलंय ते त्यात येत नाही. त्यासाठी आकाराला सेकंदांतल्या लांबीने भागायचं (एका एमबीचे आठ मेगाबिट धरून): पहिलीत सेकंदाला साडेनऊ मेगाबिटच्या वर, दुसरीत साडेतीन. सोसायटीच्या भिंतीवर हा फरक शोधायला भिंग घेऊन बसावं लागेल.

नावात काय गाळलंय तेही बघा. पहिलीत सेकंदाला २४ फ्रेम (म्हणजे २४ एफपीएस) आहेत, नावात उल्लेख नाही. दुसरीतही कोडेक, म्हणजे चित्र दाबून बसवायची पद्धत, एच२६४ च आहे, नावात पत्ता नाही. नावाच्या शेवटी येणारे एमओव्ही, एमपी४ हे नुसते डबे, आत कुठला कोडेक आहे ते सांगत नाहीत. स्वयंपाकघरात ‘साखर’ लिहिलेल्या डब्यात रवा निघतो, तसंच. जुन्या संचातल्या ‘१०८०पी_सराउंड.एव्हीआय’चं नाव आवाजाबद्दल बोलतं आणि चित्राच्या कोडेकबद्दल मिठाची गुळणी धरतं. तिच्या वाटेला मी जात नाही.

सगळ्यात फसवा शब्द ‘स्टिरिओ’. २००८ च्या ‘१०८०पी_स्टिरिओ.ओजीजी’मध्ये त्याचा अर्थ दोन चॅनेलचा आवाज. सनफ्लॉवरच्या ‘स्टिरिओ_एबीएल’मध्ये मात्र तो थ्रीडीसाठी, म्हणजे दोन डोळ्यांसाठी दोन चित्रं. साध्या प्रोजेक्टरवर एकाखाली एक असे दोन ससे दिसतील आणि पोरं खिदळतील. म्हणून तिथे ‘नॉर्मल’ शोधायचं. ओजीजीवालीत चित्र थिओरा कोडेकचं आहे, आणि क्रोम व फायरफॉक्सने २०२४ मध्ये थिओरा काढून टाकलं. ब्राउझरमध्ये लावणार असाल तर तीही बाद.

माझं मत सनफ्लॉवर ३०एफपीएस नॉर्मलला. आत आवाजाचे दोन ट्रॅक आहेत, एक दोन चॅनेलचा आणि एक ५.१ चा, म्हणजे चहूबाजूंच्या सहा चॅनेलचा, लॅपटॉपच्या स्पीकरवर पहिला पुरतो. लॅपटॉप बऱ्यापैकी नवा असेल तर ६०एफपीएस घ्या, हालचाल लोण्यासारखी दिसते. जुन्यावर अडखळेल.

उतरवल्यावर व्हीएलसी या व्हिडिओ प्लेयरमध्ये फाईल उघडून कंट्रोल आणि जे दाबा. कोडेक, फ्रेम, ट्रॅक सगळं समोर येतं. पेनड्राइव्ह थेट टीव्हीला लावणार असाल, तर आदल्या रात्रीच एकदा लावून बघा.