कावागोएत किमोनो: पैसे वसूल, पण पाचच्या आत

जपानला जाणाऱ्या ओळखीतल्या जवळजवळ प्रत्येकाला एकदा किमोनो घालून फिरायचं असतं आणि त्यासाठी मंडळी थेट क्योतो गाठतात नाहीतर टोकियोतलं आसाकुसा. आम्ही ते कावागोएला केलं. मुक्काम टोकियोत असेल तर सरळ इथंच करा असं माझं मत आहे, इकेबुकुरोहून तोबू तोजो लाइनची एक्सप्रेस पकडली की अर्ध्या तासात गाव येतं, शिन्कान्सेनचा म्हणजे बुलेट ट्रेनचा खर्च नाही, हॉटेल बदलायचं नाही, आणि क्योतोच्या मानानं गर्दी बरीच कमी (शनिवार-रविवार सोडून हां, तेव्हा अख्खं टोकियो इथं उतरलेलं असतं).

दुकानाचं नाव मुद्दाम देत नाहीये कारण खाली तक्रारीपण आहेत, आणि गावात अशी भाड्यानं देणारी दुकानं भरपूर आहेत, प्लॅन सगळ्यांचे साधारण सारखेच. आमचा साधा प्लॅन माणशी ४,४०० येनचा होता. त्यात किमोनो, आतला कपडा, ओबी म्हणजे तो रुंद कमरपट्टा, अंगठा वेगळा असलेले ताबी मोजे, झोरी चपला, हातातली छोटी पर्स आणि नेसवून देणं, एवढं सगळं. आता तक्रार नंबर एक. वेबसाइटवर ‘रिकाम्या हातानं या’ असं मोठ्या अक्षरात लिहिलंय, पण काउंटरवर गेलं की केसांचे वेगळे, लेसच्या कॉलरचे वेगळे, ओबीवरच्या दोरीचे वेगळे, डाग पडला तर म्हणून इन्शुरन्सचे वेगळे, असं करत करत माझं बिल ७,००० च्या घरात गेलं. जबरदस्ती कोणी करत नाही, सगळं गोड हसून विचारतात, पण त्या क्षणी समोर आरसा असतो आणि नाही म्हणवत नाही. माझ्या मते केस करून घ्या आणि इन्शुरन्स घ्या, बाकीचं सोडून दिलंत तरी फोटोत कोणाला कळत नाही.

किमोनो निवडताना एक सांगते जे मला कुठं वाचायला मिळालं नव्हतं. या गावाचा मुख्य रस्ता काळा आहे. म्हणजे घरांच्या भिंतीच काळ्या गिलाव्याच्या आहेत, वर राखाडी जाड कौलं. त्यापुढं गडद निळा, चॉकलेटी, बाटलीहिरवा वगैरे काहीही घातलंत तरी फोटोत नुसता चेहरा तरंगताना दिसतो. फिकट घ्या नाहीतर चक्क भडक घ्या. मी मोहरीसारखा पिवळा घेतला आणि माझ्याशेजारी उभ्या असलेल्या मुलीनं मोरपंखी, ती दुकानात माझ्यापेक्षा कितीतरी भारी दिसत होती पण रस्त्यावर आल्यावर गंमत उलटी झाली. कापड बहुतेक सगळीकडे पॉलिस्टरच असतं, धुवायला सोपं म्हणून, रेशमी हवा असेल तर महागडा प्लॅन. लांबून फरक कळत नाही. स्पर्शाला कळतो.

खरा पैसा मात्र कापडाचा नसतोच, तो नेसवणाऱ्या बाईंचा असतो. मला साठीच्या आसपासच्या एक बाई मिळाल्या, इंग्लिश शून्य, मला जपानी चार शब्द, पण त्यांचे हात काय चालत होते! आधी कमरेभोवती टॉवेलच्या घड्या गुंडाळल्या. साडी नेसताना आपण कंबर दिसेल असं बघतो, इथं ती गायब करायचा खटाटोप, अंग वरून खालपर्यंत सरळ नळकांड्यासारखं दिसलं पाहिजे म्हणून. मग डावी बाजू उजवीवर. हे कायम असंच, बाईमाणूस असो की पुरुष, कारण उजवी बाजू वर फक्त मृताला नेसवताना घेतात. मग लांबी उचलून कमरेशी तिची दुमड घालायची, ती एका दोरीनं आवळायची, परत दुसरी दोरी, आणि मग मागं जाऊन त्यांनी माझी कॉलर मानेपासून मुठीएवढी खाली ओढली, मुठीएवढी म्हणजे खरंच मूठ घालून बघितली. समोर ओबीच्या आत एक पातळ पट्टी सरकवली, सुरकुती पडू नये म्हणून, आणि शेवटी गुडघा माझ्या पाठीला लावतात की काय असं वाटावं इतक्या जोरात ओबी खेचला. त्यानंतर दिवसभर कुठंच काही सुटलं नाही, सैल झालं नाही, सारखं ओढावं लागलं नाही. स्वस्त दुकानांत मागचा बो तयारच असतो, नुसता खोचतात. वाईट दिसतो असं नाही, पण बुकिंगच्या वेळी विचारून घ्या, हातानं बांधलेल्याची बातच वेगळी आहे.

नवऱ्याचं दहा मिनिटांत आटोपलं. पुरुषांचा ओबी पोटाखाली बांधतात, त्यामुळं ज्यांना पोट आहे त्यांना तो जास्त शोभतो, हे ऐकून साहेब भलतेच खूश. पण उंच पुरुषांनी लक्ष द्या, बायकांच्या किमोनोत लांबी दुमडून कमीजास्त करता येते, पुरुषांच्यात ती सोय नाही, त्यामुळं सहा फुटी माणसाला घोटे उघडे टाकून फिरावं लागतं. उंची आणि छातीचं माप आधी कळवलं तर बरं पडतं. झोरीची टाच मागं थोडी बाहेर लटकते ती चूक नाही, तशीच घालतात.

आता गाव. कावागोएला कोएदो म्हणजे छोटं एदो म्हणतात (एदो हे टोकियोचं जुनं नाव), आणि टोकियोत आता जे जुनं एदो बघायला मिळत नाही त्याचा थोडा अंदाज इथं येतो. पण ती काळी घरं एदो काळातली, म्हणजे १८६८ च्या आधीची असतील असं समजून जाल तर तसं नाही, बहुतेक त्यानंतरची आहेत. १८९३ साली इथं मोठी आग लागली, तेराशेच्या आसपास घरं जळाली, आणि त्यात जी मोजकी उभी राहिली ती जाड मातीच्या भिंतींची, गोदामाच्या पद्धतीनं बांधलेली. १७९२ चं ओसावा कुटुंबाचं घर त्यातलंच, ते आजही रस्त्यावर आहे. व्यापाऱ्यांनी ते बघितलं आणि पुन्हा बांधताना सगळ्यांनी तसंच बांधलं. वरच्या मजल्याच्या खिडक्यांची दारं जवळून बघा, तिजोरीच्या दारासारखी जाड आणि कडेला पायऱ्यापायऱ्यांची, बंद केली की खाच एकमेकांत बसते आणि आगीला फटच मिळत नाही. विजेच्या तारा जमिनीखाली घातल्यात म्हणून वर आभाळ मोकळं आहे. किमोनो घातल्यावर पाऊल जेमतेम फूटभर पडतं, त्यामुळं असल्या गोष्टी बघायला आपोआप वेळ मिळतो, जीन्समध्ये असते तर हा चारपाचशे मीटरचा रस्ता मी पाच मिनिटांत उरकला असता.

एक मोठा वैताग म्हणजे याच रस्त्यावरून गाड्या आणि बस दोन्ही बाजूंनी चालू असतात आणि फुटपाथ अगदीच चिंचोळा. मधोमध उभं राहून फोटो वगैरे स्वप्नं विसरा. सकाळी दहाच्या आत बाहेर पडलात तर थोडा मोकळा मिळतो. फोटोसाठी मला खरं तर बाजूचा ताइशो रोमान युमेदोरी जास्त आवडला, दगडी फरशीचा, तारा नाहीत, शंभरेक वर्षांपूर्वीच्या पाश्चात्त्य धाटणीच्या इमारती, गर्दी निम्मी.

तोकि नो काने हा घंटेचा लाकडी मनोरा गावाची खूण आहे, आत्ताचा आगीनंतर लगेच बांधलेला, सोळाएक मीटर उंच. घंटा दिवसातून चार वेळा वाजते, सकाळी ६, दुपारी १२, ३ आणि संध्याकाळी ६. आणि इथं माझी तक्रार नंबर दोन. दुकानानं किमोनो पाचच्या आत परत मागितला. म्हणजे सहाची घंटा, दिवे लागल्यावरचा तो रस्ता, उतरतं ऊन, जे काही सगळ्यात देखणं असतं ते आम्ही परत टीशर्टमध्ये बघितलं. काही दुकानं जादा पैसे घेऊन दुसऱ्या दिवशी परत करू देतात, तसा प्लॅन मिळत असेल तर लेसचे पैसे वाचवून तिथं घाला.

खाण्याचं म्हणाल तर इथलं सगळं रताळ्याभोवती फिरतं. रताळ्याचे लांबलचक चिप्स, रताळ्याचं आइस्क्रीम, रताळं आणि लाल बीन्सचं सारण भरलेली वाफवलेली मऊ मिठाई. शाकाहारींची एरवी जपानात जी परवड होते ती इथं गोडाच्या बाबतीत तरी होत नाही, जेवणाचं मात्र विचारूनच खा, कशातही माशाचा स्टॉक असतो. काशिया योकोचो नावाची गोळ्या-बिस्किटांची गल्ली आहे, १९२३ च्या भूकंपात टोकियोचे कारखाने गेल्यावर इथून माल जायचा आणि तेव्हा दुकानं पुष्कळ वाढली, आता थोडी राहिलीत. काळ्या गुळाचं ते जवळजवळ मीटरभर लांबीचं हलकं कुरकुरीत प्रकरण हातात घेऊन सगळे फोटो काढतात. खायचं असेल तर मोठा रुमाल कॉलरमध्ये खोचा आणि बाह्यांकडं लक्ष ठेवा, त्या सॉसमध्ये बुडायला टपलेल्याच असतात.

वेळ असेल तर किताइन देवळात जाच, आणि शक्यतो आधी जा. पाय ताजे असताना. १६३८ च्या आगीत हे देऊळ जळालं तेव्हा तोकुगावा इएमित्सु या शोगुननं, म्हणजे तेव्हाच्या लष्करी सत्ताधीशानं, एदोच्या किल्ल्यातल्या खोल्या उचलून इथं आणून बसवल्या, त्यातली एक तर त्याच्या जन्माची खोली म्हणून दाखवतात. मूळ किल्ल्यातलं तिथं फारसं काही उरलं नाही, इथं मात्र या खोल्यांतून चालता येतं. आत फोटो काढायला मनाई आहे, चपला बाहेर, आणि गुळगुळीत लाकडी फरशीवर ताबी जाम घसरतात, तेव्हा जपून. पण त्या लांब ओसरीवरून किमोनोत चालताना पायाखाली कापडाची जी सर्रसर्र ऐकू येते त्यासाठी मला दिवसाचे सगळे पैसे वसूल वाटले. त्याच तिकिटात बाहेरच्या अंगणातल्या पाचशेच्या वर दगडी राकान म्हणजे बुद्धाच्या शिष्यांच्या मूर्ती बघता येतात, प्रत्येकाचा चेहरा वेगळा, एक जण दुसऱ्याच्या कानात काहीतरी चुगली करतोय, एक कंटाळलाय, एक बहुतेक पेंगतोय. इथं मी नवऱ्याला विसरून बराच वेळ रमले.

हिकावा देऊळ लांब पडतं, झोरीवर तर फारच. जोडी जमवणारं देऊळ म्हणून तरुण पोरं गर्दी करतात, कागदी माशाच्या पोटातलं भविष्य छोट्या गळानं पकडायचं, मजा आहे, उन्हाळ्यात तिथं काचेच्या घंटा टांगतात. मी जाताना बसनं गेले असते तर बरं होतं एवढंच म्हणते. आणि उन्हाळ्यात जाणार असाल तर किमोनोच्या भानगडीत न पडता पातळ युकाता म्हणजे उन्हाळी सुती किमोनो घ्या, इथल्या सायतामा प्रांताचा उन्हाळा टोकियोपेक्षाही कडक असतो.

बायकांसाठी बाथरूमची गोष्ट, जी कोणी लिहीत नाही. निघताना दुकानात दोन चिमटे मागून घ्या. बाह्या एकत्र करून पुढं अडकवायच्या, मग एकेक थर बाहेरून आत असा उचलायचा आणि ओबीच्या वर धरून ठेवायचा, सोडताना उलट क्रमानं. एकदा जमलं की सोपं आहे. पाणी कमी पिऊन दिवस काढायचा असला वेडेपणा करू नका.

तारीख तुमच्या हातात असेल तर महिन्याची ८, १८ किंवा २८ बघा, हे इथले किमोनोचे दिवस, किमोनो घालून आलेल्यांना काही दुकानांत सूट किंवा छोटी भेट मिळते. त्यातही २८ ला गावातल्याच नारितासान देवळात जुन्या वस्तूंचा बाजार भरतो आणि तिथं वापरलेले रेशमी किमोनो इतके स्वस्त मिळतात की भाड्याचे पैसे आठवून जरा चिडचिड होते. ऑक्टोबरमधल्या जत्रेच्या दिवसांत बुकिंग फार आधी करावं लागतं.

पाचपैकी चार देईन, एक कापला तो काउंटरवरच्या एक्स्ट्रा पैशांचा आणि पाच वाजताच्या घाईचा मिळून. परत करताना घडी वगैरे घालायची नसते, ते सगळं तेच बघतात, फक्त बाह्यांच्या आतला खिशासारखा भाग चाचपून घ्या. नवऱ्याचं ट्रेनचं कार्ड आम्ही स्टेशनवरून परत जाऊन तिथूनच काढलं.