कारवानसाठी कुंपण: अकरा महिन्यांच्या वापरानंतर

आधी पैशाचं सांगते, कारण घरी येणारा प्रत्येक जण आमच्या हरणीच्या, म्हणजे कारवान जातीच्या कुत्रीच्या, डोक्यावरून हात फिरवता फिरवता तेच विचारतो. जाळी, लोखंडी अँगल, सिमेंट, मजुरी आणि फाटक धरून पहिल्या फटक्यात ३९ हजार गेले. नंतर डागडुजीला आणखी ११ हजार. हे वरचे ११ हजार म्हणजे माझ्या अडाणीपणाचा दंड. मी कुंपण तिच्या पायांचा विचार करून घातलं, आणि ही जात धावते डोळ्यांनी.

आमचं घर मिरजेच्या बाहेर, नदीकडच्या अंगाला. मागे ४० बाय ७० फुटांचं परस. एका बाजूला शेजारच्या काकींची विटांची भिंत, उरलेल्या दोन बाजूंना लोकांचा ऊस. हरणी जतकडच्या एका धनगराच्या घरातून गेल्या जूनमध्ये आली, तेव्हा दहा महिन्यांची होती. जातीनं कारवान. कागदावर या कुत्र्यांची दोन नावं आहेत. केनेल क्लब ऑफ इंडिया ‘कारवान हाऊंड’ म्हणून नोंद करतो, इंडियन नॅशनल केनेल क्लब ‘मुधोळ हाऊंड’ म्हणून, आणि २००५ साली टपाल खात्यानं काढलेल्या तिकिटावरही मुधोळच छापलंय. हरणीला दोन्ही नावांचं देणंघेणं नाही. उंची २६ इंच, वजन २२ किलो, पोट पाठीला लागलेलं. पहिल्या महिन्यात तीन जणांनी मला गंभीर चेहऱ्यानं विचारलं, खायला घालता ना हिला? पोट असंच असतं हिचं. छाती मात्र खोल असते, आणि अशा कुत्र्यांना जेवल्या जेवल्या पळवलं तर पोटाला पीळ पडायची भीती. म्हणून आमच्याकडे आधी धावणं, मग ताट.

आता जाळी. २ इंची घराची, १२ गेजची चेनलिंक, जमिनीपासून ६ फूट. जाळी म्हणून तक्रार नाही, अजून कुठे गंज नाही. तक्रार लावणाऱ्याबद्दल आहे. चेनलिंकची एक कड वळवलेली असते आणि दुसरीला तारेची टोकं उभी राहतात. आमच्याकडे टोकांची कड खाली आली. मी कौतुकानं चहा देत होते, बघितलं नाही. पंधराव्या दिवशी हरणी मुंगसामागे जाळीला घासून गेली आणि बरगडीवर वीतभर फाटलं. या कुत्र्यांची कातडी पातळ, खाली चरबी नावाला नाही, त्यामुळे दुसऱ्या कुत्र्याला जिथे ओरखडा येतो तिथे हिला टाके पडतात. नऊ पडले. भूल देण्याआधी डॉक्टरांनी जात विचारली ती उगाच नाही. नजरेनं शिकार करणाऱ्या अशा सडपातळ हाऊंडना भुलेची काही औषधं उतरायला फार वेळ लागतो, म्हणून ती टाळतात. तुमच्या डॉक्टरांनी नाही विचारलं तर तुम्ही सांगा. घरी येऊन मी पक्कड घेतली आणि दोन संध्याकाळी एकेक टोक आत वाकवत बसले.

उकरण्याचा प्रश्न मात्र स्वस्तात सुटला. जाळी दीड फूट खोल पुरा असा सल्ला सगळे देतात. आमची काळी माती उन्हाळ्यात हात जाईल एवढी भेगाळते आणि पावसात फुगते, त्यात पुरलेलं काही जागेवर राहत नाही. आम्ही जाळीच्या आतून कडेकडेनं जुन्या शहाबादी फरश्या मांडल्या, नुसत्या, सिमेंटशिवाय. कुत्रं नेहमी जाळीच्या मुळाशीच उकरतं, तिथे फरशी लागली की कंटाळतं. दोन फूट मागे येऊन बोगदा काढण्याएवढी हुशार ती झालेली नाही.

याच काळ्या मातीनं अँगलचा मात्र बदला घेतला. ८ फुटी अँगल, २ फूट जमिनीत, भोवती घमेलंभर काँक्रीट. ऑगस्ट संपेतो मागच्या बाजूचे चार अँगल नमस्कार केल्यासारखे वाकले. ते काढून ३ फुटी खड्डे घेतले, मुरूम ठोकून भरला आणि कोपऱ्यांना तिरके टेकू दिले. अण्णा, म्हणजे माझे सासरे, खुर्ची टाकून बघत होते. “आमच्या वेळी कारवानला कुंपण कुठलं गं? सकाळी सोडायचं, सांजच्याला घरी यायचं.” मी म्हटलं, अण्णा, तुमच्या वेळी त्या रस्त्यावर दोन-दोन ट्रॉल्या जोडलेले ट्रॅक्टर पळत नव्हते. त्यावर ते गप्प बसले, पण पटलं म्हणून नव्हे.

दिवाळीपर्यंत माझं मत असं होतं की ६ फूट पुष्कळ झाले. हरणीनं एकदाही उडी मारली नव्हती. फटाक्यांच्या चार रात्री ती घरातच कॉटखाली होती, तो प्रश्नच आला नाही. मी लोकांना छातीठोकपणे सांगत होते की कारवान उड्या मारत नाही, ती पळते.

जानेवारीत तोडणीची टोळी आली. चार दिवसांत मागचा फड रिकामा. पाचव्या दिवशी सकाळी मी कपडे वाळत घालायला मागे गेले तर हरणी धुण्याच्या कट्ट्यावर उभी. मान ताठ, कान मागे, एक पुढचा पाय हवेत. मी तिला अशी कधी पाहिलीच नव्हती. तिच्या नजरेच्या रेषेत बघितलं तर पार लांब, पाचटाच्या कडेला, काहीतरी करड्या रंगाचं हललं. मला ते ढेकूळ वाटलं असतं. मी “हरणी” म्हणेतो ती जाळीच्या पलीकडे होती. कट्टा दोन फूट उंच आणि जाळीला चिकटून. तिच्यासाठी कुंपण चारच फुटांचं होतं, अकरा महिन्यांतले पहिले सात ती सौजन्य म्हणून आत राहिली होती.

अडीच तासांनी आली. लंगडत, पायांना पाचटाचे काप, तोंड रिकामं. ते बरंच झालं म्हणायचं, कारण १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं सशाची शिकार गुन्हा आहे आणि “मी नाही, कुत्र्यानं केली” हे कुणी ऐकून घेत नाही. त्या अडीच तासांत आम्ही तिघं तीन रस्त्यांवर होतो. कारखान्यांचा हंगाम, रस्ता उसाच्या वाहनांनी भरलेला. त्याबद्दल याहून जास्त लिहवत नाही.

त्या रात्री लक्षात आलं की सात महिने आमचं खरं कुंपण ऊस होता. वास घेत फिरणाऱ्या शिकारी कुत्र्याला गंध अडवावा लागतो आणि ते जवळजवळ अशक्य. कारवान नजरेनं शिकार करते. जे हलतं ते तिचं, आणि जे दिसत नाही ते तिच्या लेखी नाहीच. ऊस बारा फूट उभा होता तोवर तिचं जग ७० फुटांवर संपत होतं. ऊस गेला आणि तिला थेट बांधापर्यंत दिसायला लागलं. उंची वाढवत बसण्यापेक्षा आधी तिची नजर बंद करायला हवी होती.

म्हणून शेतीचं हिरवं नेट आणलं, ७५ टक्के सावलीचं, आणि जाळीला वरपासून खालपर्यंत ताणून बांधलं. पहिल्या दिवसापासून गुण आला. ती मागच्या बाजूला जाऊन उभी राहायची, हुंगायची, परत यायची. दोन महिने मी स्वतःवर खूश होते. एप्रिलमध्ये पहिला वळीव आला. ज्या जाळीतून वारा आरपार जायचा तिला मी शीड बांधून ठेवलं होतं. वीस मिनिटांत मागची सगळी बाजू खोडव्यावर, म्हणजे तोडलेल्या उसाच्या बुडख्यांतून फुटलेल्या नव्या उसावर, आडवी. नवे मुरमातले खड्डे टिकले, जमिनीपाशी अँगल पिळवटले. नेट लावणार असाल तर अँगल त्या वाऱ्याच्या हिशेबानं जाड घ्या, नाहीतर लावूच नका.

आता जे आहे त्याला मी चांगलं म्हणेन. बांबूचे तट्टे, जमिनीपासून फक्त ४ फूट, म्हणजे ती चार पायांवर असताना तिला बाहेरचं दिसत नाही आणि वरून वारा मोकळा जातो. जोडीला आतून दीड फूट झुकवलेला अँगलचा माथा, त्यावरही जाळी. कट्टा फोडून घराच्या भिंतीला नेला, आणि कुंपणापासून ५ फुटांत बादलीसुद्धा ठेवायची नाही असा घरात नियम. तट्ट्यांच्या आतून मेंदीची रोपं लावलीत. तट्टे दोन-तीन पावसाळ्यांवर टिकायचे नाहीत, तोवर मेंदी दाट व्हायला हवी.

फाटकाबद्दल थोडक्यात. एक फाटक म्हणजे फाटक नव्हे. दूधवाला, गॅसवाला, काकींचा नातू, कोणीही कडी अर्धवट लावतो. आत चार फुटांवर दुसरं छोटं फाटक बसवलं, स्प्रिंगवर आपोआप मिटणारं. ४ हजारांत झालं आणि सगळ्या खर्चात हेच मला सर्वात पटतं.

धावण्याच्या जागेचा विचार मी उलटा केला होता. वाटलं, परसात काय काय ठेवावं म्हणजे ती खेळेल. खरं तर काय काय काढावं हा प्रश्न होता. ७० फूट ती डोळ्याचं पातं लवतं तेवढ्यात संपवते आणि टोकाला अंग झोकून वळते. कपड्यांची तार तिच्या मानेच्या उंचीवर नव्हती, पण ती हवेत असताना होती. ती ७ फुटांवर नेली. हौदाच्या कोपऱ्याला जुने टायर बांधले. जुन्या आडावर लोखंडी जाळी होतीच, तिला कुलूप घातलं. विटांचा ढीग आणि सरपण हलवलं, कारण घोणस अशाच ठिकाणी दबून बसते. साप चावल्यावर कुठे न्यायचं हे आधी ठरवून ठेवा. कुत्र्यालाही माणसांचीच सर्पविषावरची लस चालते, पण प्रत्येक दवाखान्यात ती नसते. पावसाळ्यात मोठे खरखरीत बेडूक येतात, एक तोंडात धरला आणि फेसानं जबडा भरला. तोंड खाली करून पाण्यानं धुतलं, निभावलं.

झाडांपैकी पिवळी कण्हेर आणि लाल कण्हेर दोन्ही काढल्या. देवाला फुलं काकींकडून येतात. एरंडीची पेंड खत म्हणून घालायचे, ती बंद केली. कुत्री ती चवीनं खातात आणि ती जीव घेते. या यादीत आमच्या भागानं एक भर टाकली. तासगावच्या पाहुण्यांकडून दरवर्षी बेदाणा येतो. अण्णांनी प्रेमानं मूठभर दिला. सुदैवानं मी बघत होते, तासाभरात दवाखान्यात उलटी काढली, मग तीन दिवस रक्त तपासत राहिलो. द्राक्षं आणि बेदाण्यानं कुत्र्याचे मूत्रपिंड निकामी होऊ शकतात. एखादं मूठभर खाऊन ठणठणीत राहतं, एखादं चार दाण्यांत जातं. त्यातल्या टार्टारिक आम्लावर संशय आहे, आणि तेच चिंचेत असतं, म्हणून आता चिंचेखालीही रोज झाडू. अण्णा आठवडाभर तिच्या नजरेला नजर देत नव्हते.

वाया गेलेल्या वस्तू: ६ हजारांचं लाकडी घर, ज्यात आता नारळ ठेवतो. हिच्या कोपरांना मांस नाही, फरशीवर झोपून घट्टे पडायला लागले होते. अडगळीतली सुतळीची बाज बाहेर काढली, वर जुनी वाकळ, तेव्हापासून ती तिची. दुसरं म्हणजे डोक्यावरून तार ओढून तिला साखळी अडकवायचा सल्ला. दोन दिवस केला. भरधाव कुत्र्याला साखळी संपल्यावर मानेला जो हिसका बसतो तो एकदा बघितला आणि तार कापली. साधा पट्टाही हिला कुचकामी, मान डोक्याएवढीच रुंद, मागे सरली की पट्टा हातात. ओढ लागली की आवळणारा रुंद पट्टा घ्यावा लागतो.

आणि एवढं सगळं करूनही परस म्हणजे व्यायाम नव्हे. एकटी सोडली की ती दहा मिनिटांत स्वयंपाकघराच्या दारात. सहा फुटी काठी, तिला दोरी, दोरीला अण्णांच्या जुन्या धोतराची चिंधी, हे मी मध्ये उभं राहून गोल फिरवते तेव्हा ती पळते. दहा मिनिटं पुरतात, शेवटी चिंधी पकडू द्यायची. उन्हाळ्यात सकाळी साडेसहाच्या आत, ऊन चढलं की फरशी पायाला भाजते.

खोडवा आता छातीला लागलाय, दिवाळीपर्यंत पुन्हा भिंत होईल. परवा मागच्या तट्ट्यात एक कांब निसटलेली दिसली, रुपयाएवढं भोक, बरोबर तिच्या डोळ्याच्या उंचीवर. कडा चाटून गुळगुळीत केलेल्या. सकाळी दूध पिऊन झालं की ती तिथे जाऊन एक डोळा लावून उभी राहते. बुजवायचं राहिलंय.