सोलमध्ये घेतलेली 70ई मापाची ब्रा : काही महिन्यांच्या वापरानंतर

सोलमधील अंतर्वस्त्रांच्या दुकानांत 75ए, 75बी, 80ए, 80बी ही मापे ओळीने टांगलेली असतात आणि त्यांतील बऱ्याच ब्रांना उठाव देणारे जाड पॅड असते. सीच्या पुढचे माप विचारले, की बहुधा ‘80बी होऊन जाईल’ असे उत्तर मिळते. मोजमाप करून देणाऱ्या एका लहान दुकानातून मी तारेची, बिनपॅडची 70ई घेतली आणि ती आता बरेच महिने नियमित वापरात आहे.

कोरियन मापातला आकडा छातीखालच्या घेराचा, सेंटिमीटरमधला. अक्षर मात्र छातीचा घेर आणि तो घेर यांतील फरकाचे. सुमारे 10 सेंटिमीटरला ए आणि पुढे दर अडीच सेंटिमीटरला एक अक्षर, म्हणून 20 च्या फरकाला ई. अक्षर ऐकून दचकू नये, कारण 80बी, 75सी आणि 70डी यांच्या कपांत जवळपास सारखीच जागा असते. म्हणजे पूर्वीच्या 80बीपेक्षा माझा कप एकाच पायरीने वाढला, पट्टा मात्र दोन मापांनी घट्ट झाला आणि खरा फरक त्यानेच पडला. भार पट्ट्याने पेलायचा असतो. तो ढिला असला की पाठीवर वर सरकतो, पुढची बाजू उतरते आणि स्ट्रॅप आवळावे लागतात. आता खांद्यांवर वळ उठत नाहीत आणि दोन कपांमधला भाग हाडाला नीट टेकतो. पावसाळी दमट दिवसांत तारेखाली घाम साचून खाज येते, हा दोष मात्र आहे.

येथे कपड्यांबाबत अजूनही ‘55’ हे जुने माप बोलले जाते. 155 सेंटिमीटर उंची आणि 85 सेंटिमीटर छाती यांच्या शेवटच्या आकड्यांवरून ते आले. ‘फ्री साइझ’चा ब्लाउज छातीवर अडकला की आता काहीच वाटत नाही, असे लिहिणे खोटे ठरेल, पूर्वीपेक्षा कमी वाटते. (2019 मध्ये गायिका ह्वासा ब्रा न घालता विमानतळावर दिसली, तर तिच्यावरही टीका झाली. एकूण, काहीही केले तरी लोक बोलणारच.)

नवी ब्रा सर्वांत बाहेरच्या हुकावर घट्ट बसणारी घ्यावी, कारण इलॅस्टिक सैलावतेच. हाताने धुऊनही माझी आता दुसऱ्या हुकावर आली आहे. पुढचीही 70ईच घेईन, मात्र काळी, कारण त्या दुकानात या मापात बेज आणि काळा हे दोनच रंग मिळतात.