समेट अधिकाऱ्यासमोरच्या पाच तारखा: एका ठेकेदाराचा अभिप्राय

भांडुपच्या एका पुनर्विकासाच्या कामावर सेंट्रिंग आणि सळईकामाचा ठेका माझ्याकडे होता. विकासकाने माझी दोन बिले अडकवली, मी ६४ कामगारांची दीड महिन्याची मजुरी थकवली आणि युनियनने काम बंद करून कामगार खात्याकडे तक्रार केली. २०२४ मधल्या त्या वादात शासनाच्या समेट यंत्रणेचा, म्हणजे मालक-कामगारांत तडजोड घडवणाऱ्या कामगार खात्याच्या अधिकाऱ्यांचा, जो अनुभव आला, तो इतर ठेकेदारांच्या उपयोगी पडावा म्हणून लिहीत आहे.

या सेवेला शुल्क नाही. औद्योगिक विवाद कायदा, १९४७ च्या कलम ३६(३) प्रमाणे समेटाच्या कामकाजात वकिलामार्फत बाजू मांडण्याचा हक्क कोणत्याच पक्षाला नसल्याने मला स्वतःच बसावे लागले, आणि ते बरेच झाले. कागदोपत्री मुदत १४ दिवसांची होती; आमचे प्रकरण मात्र दहा आठवडे चालले. पहिल्या दोन तारखा विकासकाला नोटीस वेळेवर न पोहोचल्यामुळे वाया गेल्या, आणि त्या दिवसांची मजुरी बुडाली ती कामगारांची.

तिसऱ्या तारखेला अधिकाऱ्यांनी दोन्ही बाजूंची भाषणे थांबवून माझे हजेरीपत्रक आणि मुकादमाची खर्चीची (आठवड्याच्या उचलीची) वही समोर मागितली. तेव्हा कळले की खरे भांडण मजुरीच्या दराचे नव्हतेच. दर आठवड्याची खर्ची मी मुकादमाच्या हाती एकरकमी देत असे आणि महिनाअखेरीस ती प्रत्येकाच्या मजुरीतून कापत असे. पण १९ जणांच्या नावापुढे ना सही होती, ना अंगठा. एकेक नाव वाचून हिशेब झाला आणि ज्या रकमेची पोच नव्हती ती मी सोसायची ठरली. मला ते झोंबले, तरी तोडगा रास्त होता. स्लॅब ओतायच्या रात्रींसाठी मी साइटच्या रिवाजाप्रमाणे दीड हजेरी (दीड दिवसाची मजुरी) धरली होती, पण इमारत व इतर बांधकाम कामगारांसाठीच्या १९९६ च्या कायद्यात जादा कामाला दुप्पट दर होता, त्यामुळे तो फरकही द्यावा लागला. गेटवर केवळ घोषणा देताना पाहिलेल्या युनियनच्या चिटणिसांना या रात्री तारखांसह तोंडपाठ होत्या, हे मात्र मान्य केले पाहिजे.

चौथ्या तारखेला विकासकाचा प्रतिनिधी आला. ठेकेदाराने मजुरी दिली नाही तर ती मुख्य मालकाने, म्हणजे इथे विकासकाने, द्यायची, ही तेव्हा लागू असलेली कंत्राटी कामगार कायदा, १९७० मधील कलम २१(४) ची तरतूद त्याला वाचून दाखवल्यावर माझ्या बिलातून थेट कामगारांच्या खात्यांत रक्कम भरण्याचे त्याने कबूल केले. त्याला पहिल्याच दिवशी हजर करवले असते तर महिनाभर वाचला असता.

इतक्या विलंबानंतरही मी खासगी तडजोडीपेक्षा हीच वाट सुचवेन, कारण समेटात झालेला करार १९४७ च्या कायद्याच्या कलम १८(३) नुसार युनियनच्या सभासद नसलेल्यांनाही लागू होत असे. बाहेर केलेला करार फक्त सही करणाऱ्या पक्षांपुरता राहिला असता आणि माझ्याकडे बिनसभासद कामगार २३ होते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४७ च्या कायद्याची जागा औद्योगिक संबंध संहितेने घेतली आहे, त्यामुळे आता जाणाऱ्यांनी कलमे नव्याने पाहून घ्यावीत.

मोठी उणीव अंमलबजावणीची आहे. पाचव्या तारखेला करारावर सह्या झाल्या, पण विकासकाचा शेवटचा हप्ता १२ दिवस उशिरा आला आणि युनियनने पत्र पाठवेपर्यंत त्याची चौकशी कोणी केली नाही.