थर्ड पार्टी विमा: दाव्यानंतर मिळालेल्या सेवेविषयी

माझ्या मालवाहू टेम्पोचा थर्ड पार्टी विमा बरीच वर्षे एकाच कंपनीकडे होता. नूतनीकरण आणि कागदपत्रांबाबत तक्रारीला जागा नव्हती, त्यामुळे हा अभिप्राय केवळ दाव्यानंतरच्या सेवेविषयी आहे.

टेम्पोच्या धडकेत एका सुताराचा उजवा हात कायमचा अधू झाला. मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने वैद्यकीय प्रमाणपत्रातील अपंगत्वाच्या टक्केवारीवर न थांबता, त्या हाताने त्याला सुतारकाम करता येईल का, हे पाहून भरपाई ठरवली. राजकुमार विरुद्ध अजयकुमार (२०११) या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हीच रीत घालून दिली आहे. तरीही कंपनीने मोटार वाहन कायद्याच्या कलम १७३ नुसार उच्च न्यायालयात अपील केले. कमाईचे नुकसान जास्त धरले आणि चालकाकडे केवळ हलक्या वाहनाचा परवाना होता, असे तिचे दोन आक्षेप होते.

दुसरा आक्षेप थेट माझ्यावर येणारा होता. परवान्याचा भंग सिद्ध झाल्यास कंपनीने जखमीला आधी पैसे द्यावेत आणि नंतर वाहनमालकाकडून वसूल करावेत, अशी मुभा सर्वोच्च न्यायालयाच्या स्वर्णसिंग निकालापासून (२००४) न्यायालये देत आली आहेत. म्हणजे ज्या जोखमीसाठी मी हप्ते भरले, तीच जोखीम कंपनी माझ्यावर परत ढकलू पाहत होती. साडेसात हजार किलोपर्यंत एकूण वजनाचे मालवाहू वाहन हलक्या वाहनाच्या परवान्यावर चालवता येते, हे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने नोव्हेंबर २०२४ मध्ये स्पष्ट केले. माझा टेम्पो त्या मर्यादेच्या बराच आत असूनही कंपनीने तो आक्षेप मागे घेतला नाही, याचे मला फार वाईट वाटते.

अपिलाचा हक्क कंपनीला असलाच पाहिजे. खोटे दावे दाखल होतात आणि त्यांचा भार अखेर सर्व विमाधारकांवर पडतो. परंतु येथे अपघात, दुखापत वा उपचार यांपैकी कशावरही वाद नव्हता. न्यायाधिकरणाच्या निकालाला स्थगिती देण्यासाठी उच्च न्यायालयाने कंपनीला संपूर्ण रक्कम जमा करायला लावली व जखमीला त्यातील काही भाग काढू दिला, ही त्यातल्या त्यात दिलासा देणारी बाब. उरलेल्या रकमेसाठी तो सुतार अद्याप थांबून आहे.

वाहनमालकांना सुचवावेसे वाटते की, कंपनीचा वकील आपलाही बचाव करील असे गृहीत धरू नये. नोटीस येताच स्वतःचा वकील नेमावा, आणि चालकाचा परवाना, परमिट व फिटनेस प्रमाणपत्र न्यायाधिकरणापुढेच दाखल करावे, कारण राहिलेला पुरावा अपिलात आणणे फार कठीण जाते.

पाचपैकी दोन तारे देत आहे, तेही पॉलिसी देतानाच्या तत्पर कामासाठी. पुढील नूतनीकरण मी दुसऱ्या कंपनीकडे केले आहे.