व्हिलाची २०२३-२४ ची होम जर्सी, पाठीवर बेली ३१: घ्यावी का?

आधीच सांगतो, ही जर्सी आता दुकानात नवी मिळणं अवघड आहे, कुठे जुना स्टॉक पडून असेल तर नशीब नाहीतर सेकंडहँड बघा. तरी रिव्ह्यू लिहितोय कारण टर्फवर दर रविवारी कोणीतरी विचारतंच, कुठनं घेतलीस आणि हा बेली कोण. एकदाच लिहून ठेवतो, पुढच्या वेळी लिंक पाठवेन.

तर ही इंग्लंडच्या बर्मिंगहॅममधल्या अॅस्टन व्हिला या फुटबॉल क्लबची २०२३-२४ सीझनची होम जर्सी, बनवणारी कंपनी कॅस्टोर. अंग मरून, बाह्या आकाशी, छातीवर व्हिलाचा नवा गोल लोगो. माझा मावसभाऊ बर्मिंगहॅमला असतो, सीझन संपल्यावर सेल लागला होता (पुढच्या वर्षीपासून किट आदिदासचं येणार होतं म्हणून आधीचा माल काढत होते), त्यात त्याने उचलली. मी सांगितलं होतं पाठीवर नाव टाकूनच आण, तर हा पठ्ठ्या कोरीच घेऊन आला, म्हणे रांग मोठी होती. त्यामुळे नावाचं प्रिंटिंग मी इकडे ठाण्यात करून घेतलं, त्याचं रामायण पुढे सांगतो.

कापड. इथे थोडं थांबायला पाहिजे कारण या जर्सीची बदनामी झालीये ती कापडावरूनच. सप्टेंबर २०२३ ला व्हिलाच्या खेळाडूंनीच तक्रार केली होती की घाम आत जिरत नाही, वाळतही नाही, शर्ट ओला होऊन अंगाला चिकटतो. त्या वेळचे फोटो बघा, अर्ध्या तासात पोरं विहिरीतनं काढल्यासारखी दिसतायत. महिला टीमच्या बाबतीतही हा विषय निघाला होता, ओला शर्ट असा चिकटणार असेल तर त्यांना किती ऑकवर्ड होईल हे वेगळं सांगायला नको. पण ती सगळी भानगड खेळाडू मॅचमध्ये घालतात त्या प्रो व्हर्जनची होती. माझी आहे ती साधी रेप्लिका, जिला आपल्याकडे फॅन व्हर्जन म्हणतात, कापड जरा जाड, थोडं ढिलं. मुंबईच्या दमटपणात कुठलाही पॉलिएस्टर शर्ट जेवढा भिजतो तेवढीच ही भिजते, जास्त नाही. दोरीवर टाकली की पंख्याखाली रात्रीत वाळते. शिवण चांगली, बाह्यांचा आकाशी रंग मरूनमुळे लाल पडेल अशी आईला भीती होती, पण नाही पडला.

फिटिंग मात्र अंगासरशी आहे, पोट असेल तर एक साईज वरची घ्या. माझं आहे. मी एल घेतली, एक्सएल घ्यायला हवी होती असं बायको म्हणते.

आता छातीवरचं नाव. स्पॉन्सर बीकेएट, ही बेटिंग कंपनी आहे, आणि व्हिलाच्या बऱ्याच फॅन्सना तेव्हा ते आवडलं नव्हतं. इकडे कोणाला माहीत नाही त्यामुळे ऑफिसात एकाने विचारलं बर्गर किंगची जर्सी आहे का, आणि लोकलमध्ये हमखास कोणीतरी ‘वेस्ट हॅम?’ म्हणतो. रंग तेच असल्यामुळे त्यांचीही चूक नाही, बर्नलीचेही तेच आहेत. प्रीमियर लीगच्या क्लबांनी ठरवलंय की २०२५-२६ नंतर छातीवर बेटिंगवाले नकोत, तेव्हा असली जर्सी पुढे जुन्या जमान्यातली वाटेल. आत्ता तरी मोठ्या अक्षरात छातीवर जुगाराची जाहिरात घेऊन फिरताय हे डोक्यात ठेवा, भाचरांसमोर मला जरा कसंतरीच होतं.

प्रिंटिंग. ज्याच्याकडे गेलो त्याचं नाव घेत नाही, माणूस वाईट नाही पण घाईत असतो. त्याने कॉम्प्युटरवर नाव टाईप केलं ते शेवटचा ई विसरून, मी स्क्रीनकडे बघत होतो म्हणून वाचलो, प्लॉटरने एकदा विनाइल कापलं की संपलं, तो परत पैसे लावणार. मग कापलेल्या शीटमधून नको तो भाग सुईने उचलून काढायचा, ‘ए’ आणि ‘बी’च्या पोटातले बारके तुकडे निघता निघत नाहीत, ते काम मात्र त्याने एकदम मन लावून केलं. मग हीट प्रेस, दीडशे डिग्रीच्या आसपास, पंधराएक सेकंद, गरम विनाइलचा तो वास, आणि वरचं प्लास्टिक सोलून काढलं की नाव तयार. बघताना लय भारी वाटतं. पण फॉन्ट चुकला. प्रीमियर लीगने त्याच सीझनला नावा-नंबरांचा फॉन्ट बदलला होता आणि याच्याकडे होता जुना, मी म्हटलं हा नाही, तो म्हणाला ‘सर कोण बघतंय मागनं’. आणि काही धुण्यांतच तीनच्या आकड्याचा खालचा कोपरा उचलला गेला. वर बटर पेपर ठेवून इस्त्री दाबली, बसला परत. तर सल्ला एकच, जमत असेल तर नाव क्लबच्या दुकानातनंच टाकून घ्या, आणि धुताना उलटी करून थंड पाण्यात, ड्रायर नको.

आता बेलीच का. व्हिलाची जर्सी घेणारे बहुतेक जण वॉटकिन्स घेतात, मॅगिन घेतात, गोलकीपर मार्टिनेझ घेतात, वर्ल्ड कप जिंकलेला माणूस आहे. मी लिऑन बेली घेतला, आणि घेताना माहीत होतं की हा प्लेअर भरवशाचा नाही. आपल्याला जमैका म्हटलं की होल्डिंग, वॉल्श, गेल आणि धावणारा बोल्ट आठवतो, फुटबॉल कोणाच्या डोक्यातही येत नाही. हा किंग्स्टनचा, १९९७ चा जन्म, दत्तक वडील क्रेग बटलर यांच्या फिनिक्स अकॅडमीत शिकला आणि लहान असतानाच ते त्याला घेऊन युरोपात आले. ऑस्ट्रियात अनिफ, मग स्लोव्हाकियात त्रेन्चिन, मग बेल्जियममध्ये गेंक. १८ पूर्ण व्हायच्या आत दुसऱ्या देशात सहीच करता येत नाही असे फिफाचे नियम, त्यामुळे इतकी भटकंती. २०१५ ला गेंकमध्ये एकदाचा खेळायला लागला आणि पहिल्याच सीझनला बेल्जियमचा सर्वोत्तम तरुण खेळाडू ठरला. युरोपा लीगमध्ये रॅपिड व्हिएन्नाविरुद्ध मारलेला गोल तर त्या स्पर्धेचा सीझनमधला बेस्ट गोल म्हणून निवडला गेला.

जानेवारी २०१७ ला जर्मनीतला लेव्हरकुसेन क्लब. तिथे त्याचं करिअर कसं असणार ते कळलं. २०१७-१८ ला लीगमध्ये ९ गोल, हॉफेनहाइमविरुद्ध टाचेने मारलेला गोल अजून रील्समध्ये फिरतो, सगळे मोठे क्लब मागे लागल्याच्या बातम्या. मग पुढची दोन वर्षं ढेपाळला, त्यातही मधेच एक दिवस, नोव्हेंबर २०१९, म्युनिकला जाऊन बायर्नला दोन गोल ठोकले आणि लेव्हरकुसेन २-१ ने जिंकले. मग २०२०-२१ ला परत ९ गोल. म्हणजे एक वर्ष देव, दोन वर्षं गायब. एफपीएल (प्रीमियर लीगचा फॅन्टसी गेम) खेळणाऱ्यांना हा प्रकार माहीत आहे, टीममध्ये घेतला की बेंचवर, काढला की गोल.

व्हिलाने त्याला ऑगस्ट २०२१ ला घेतला, व्हिलाचा स्टार ग्रीलिशला १०० मिलियन पाउंडला मँचेस्टर सिटीला विकलं त्याच आठवड्यात, त्यामुळे बिचाऱ्यावर पहिल्या दिवसापासून दुसऱ्याच्या पैशांचं ओझं. सप्टेंबरमध्ये एव्हर्टनविरुद्ध सब म्हणून आला, त्याचा कॉर्नर एव्हर्टनच्या दिन्यच्या डोक्याला लागून आत, मग डाव्या पायाने असा एक रपाटा हाणला की जाळी फाटेल वाटलं, आणि वीसेक मिनिटांत मांडी धरून बाहेर. त्या वीस मिनिटांत आख्खा बेली दिसला. त्या सीझनला लीगमध्ये त्याचा तेवढा एकच गोल.

आणि मग ही जर्सी ज्या सीझनची आहे तो सीझन. उन्हाळ्यात व्हिलाने मुसा दियाबीला आणलं, लेव्हरकुसेनमध्ये एका विंगला हा आणि दुसऱ्या विंगला तो असे खेळलेले दोघं, आणि सगळ्यांनी गृहीत धरलं की बेली आता बेंचवर सडणार. झालं उलटं. व्हिलाचा कोच एमेरीने त्याला सब म्हणून आणत आणत लायनीवर आणला, आणि डिसेंबर येईपर्यंत तो सुरुवातीच्या अकरात. ६ डिसेंबर २०२३, व्हिला पार्क, समोर ट्रेबल (एकाच सीझनला तीन मोठ्या ट्रॉफी) जिंकलेली सिटी. मी रात्री पावणेदोनला मोबाईल चार्जिंगला लावून बघायला बसलो होतो, बायको शेजारी झोपलेली, आवाज म्यूट. सिटीचे आख्ख्या मॅचमध्ये दोन शॉट, दोनच, ग्वार्डिओलाच्या टीमचे. आणि चौऱ्याहत्तराव्या मिनिटाला बेली बॉल घेऊन धावत सुटला, समोर जागा मिळाली, डाव्याने मारला, रुबेन दियासला लागून आत. १-०. नशिबाचा गोल म्हणा, पण त्या रात्री नशीब लागायच्या आधीच सिटी हरल्यात जमा होती. उशीत तोंड घालून ओरडलो.

एप्रिलमध्ये आर्सेनलच्या घरी, टायटलची रेस ऐन भरात, ८४ व्या मिनिटाला दिन्यचा क्रॉस आणि लांबच्या पोस्टला बेली. (हाच तो दिन्य, ज्याच्या डोक्याला लागून कॉर्नर आत गेला होता, मधल्या काळात व्हिलात आला.) तीन मिनिटांनी वॉटकिन्स, २-०, आणि आर्सेनलच्या लोकांचं टायटल तिथेच हातातनं निसटायला लागलं. सीझनअखेर लीगमध्ये बेलीचे १० गोल ९ असिस्ट, व्हिला चौथी, चॅम्पियन्स लीगमध्ये प्रवेश. दियाबी पुढच्या उन्हाळ्यात सौदीला गेला, बेली राहिला.

म्हणून म्हणतो, बेलीचं नाव टाकायचंच असेल तर याच जर्सीवर टाका. २०२४-२५ चं आदिदासचं किट दिसायला दहापट छान आहे, कापडही चांगलं म्हणतात, पण त्या सीझनला लीगमध्ये त्याने एक गोल केला. चॅम्पियन्स लीगमध्ये ब्रुगेला जाऊन तिसऱ्या मिनिटाला एक मारला, परत बेल्जियममध्येच, तेवढं समाधान. ऑगस्ट २०२५ ला रोमाला लोनवर गेला आणि पहिल्याच प्रॅक्टिसला दुखापत. हसावं की रडावं कळेना. रोमाची बेलीवाली जर्सी घेऊ का असं ग्रुपवर एकाने विचारलं होतं, मी म्हटलं पैसे जास्त झालेत का.

जमैकाच्या टीमबरोबरही त्याचं कधी धड जमलं नाही, २०१९ ला गोल्ड कपमध्ये खेळायला लागला, २०२४ ला शिस्तीवरून आणि बोर्डावरून वाजलं आणि कोपा अमेरिकाला गेलाच नाही, तिकडे जमैका तिन्ही मॅच हरली. बोर्डाच्या कारभारावर त्याने जे बोलला त्यात तथ्य असेलही, पण ऐन स्पर्धेत बाहेर बसणं मला पटलं नाही. पिवळी जमैका जर्सी म्हणून मी घेतली नाही. ती दिसते मात्र जबरदस्त.

घ्यायची तर कुठनं? तिकडे कोणी ओळखीचं असेल तर त्याच्याकडनं, सेकंडहँड घेताना आतलं लेबल आणि लोगोच्या कडा झूम करून फोटो मागा. इन्स्टावर ‘मास्टर कॉपी’, ‘थाई क्वालिटी’ म्हणून जे विकतात त्यातल्या एकाकडून माझ्या मित्राने हीच मागवली, आकाशी बाह्यांच्या जागी निळ्या आल्या आणि रिटर्न म्हटलं की ब्लॉक. आणि एक जुगाड, अंगाने बारीक असाल तर मुलांच्या साईजमधली सगळ्यात मोठी बघा, इंग्लंडमध्ये लहान मुलांच्या जर्सीवर बेटिंगची जाहिरात टाकत नाहीत, त्यामुळे छाती कोरी मिळते आणि किंमतही कमी. मला ती काखेतच अडकली.